डावी बाही चार बोटं आखूड

मी एक कोट आहे, आणि माझी डावी बाही उजवीपेक्षा चार बोटं आखूड आहे. हे आधीच सांगून टाकतो. बहारीनच्या गुदैबियातल्या या शिंप्याच्या दुकानात शिरणारं प्रत्येक गिऱ्हाईक मला पाहून पहिल्यांदा तेच बोलतं, तर तुम्ही तरी मागे का राहावं?

मराठी कशी येते म्हणाल, तर जैनुद्दीन मास्तरांच्या मशीनसमोर इतकी वर्षं लटकल्यावर भिंतीलासुद्धा आली असती. मास्तर रत्नागिरीकडचे, दाभोळचे. बायको ताहेरा दुकानातच बसून काज-बटणं करते. दोघांची दिवसभर बारीकसारीक भांडणं चालतात आणि मी ऐकतो.

माझा जन्म मात्र लंडनचा, १९७१ सालचा. एका टीव्ही कंपनीच्या कपडेपटात, तपकिरी लोकरीच्या कापडातून मला बेतलं. ज्याच्यासाठी बेतलं तो रॉय टँकर्ड तिथे शेजारीच उभा होता आणि कापणाऱ्या बाईचं डोकं खात होता. "तीन बोटं नको, चार. तीन बोटांना लोक म्हणतील, गरीब आहे बिचारा. चार बोटांना हसतील."

हा रॉय मुळात लेखक. अकरा वर्षं त्याने दुसऱ्यांसाठी विनोद लिहिले. हशा त्यांना मिळायचा, याचं नाव शेवटी बारीक अक्षरांत सरकून जायचं. मध्येच माणूस कमी पडला की यालाच उभा करत. कधी पोस्टमन, कधी पाद्री, कधी दुसरा पोलीस. पहिला पोलीस त्याला कधी मिळाला नाही.

मग एकदाची त्याने स्वतःची मालिका लिहिली. नगरपालिकेतला तक्रार-कारकून, मिस्टर पॉडमोर. याच्या कचेरीला खिडकी एकच, पण कुणीही बाई तक्रार घेऊन आली की हा गंभीर चेहऱ्याने सांगणार, "थर्ड विंडो, मॅडम." तिसऱ्या खिडकीत जा. त्याआधी तो माझी डावी बाही मनगटापर्यंत ओढायचा. ती काही यायची नाही. वहीत लिहिलेलंच असे : बाही ओढतो. थांबतो. मग खोटं बोलतो.

लोक बाहीला हसत नव्हते, त्या थांबण्याला हसत होते. आता येतंय, आता येतंय, असं वाटायला लावायचं आणि मग द्यायचं. ही त्याची सगळी विद्या. एवढ्या एका गोष्टीवर त्याने चार वर्षं घरोघरच्या लोकांना दर शुक्रवारी हसवलं.

बाहीचं जादा कापड त्याने कापू दिलं नव्हतं. "आत दुमडून ठेवा. पॉडमोर आपटला तर सोडून घेईन, निदान कोट तरी अंगाला येईल." लेखक माणूस, धास्ती जात नाही.

पॉडमोर आपटला नाही, रॉयच आपटला. मालिका संपली आणि जो तो म्हणू लागला, हा तर पॉडमोर, याला डॉक्टर कसा करायचा? त्याने दुसरं काही लिहून नेलं की साहेब लोक विचारत, यात बाही कुठे आहे? मग बिस्किटांच्या जाहिराती, नाताळातली मुलांची नाटकं, असं करत करत सतरा वर्षं गेली. कपडेपट मोडीत निघाला तेव्हा तो मला घरी घेऊन गेला.

१९९२ साली एक नाटक कंपनी आखातातल्या हॉटेलांत विनोदी प्रयोग लावू लागली. आधी जेवण, मग नाटक. बँकांतले नि तेल कंपन्यांतले इंग्रज लोक बायकांना घेऊन येत. पॉडमोरला पाहून त्यांना आपलं जुनं घर आठवे. रॉय तेव्हा चौसष्टचा होता. दुसरं काम हाती नव्हतं, म्हणून पॉडमोर करायला तो मला घेऊन निघाला.

आणि एक गोष्ट फक्त मला ठाऊक होती. रॉय वाक्यं विसरू लागला होता. स्वतःच लिहिलेली! बाही ओढायची ती आता हशासाठी राहिली नव्हती. तेवढ्या वेळात तो पुढचं वाक्य शोधायचा. त्याची बोटं माझ्या काठाला धरून असत आणि वाक्य सापडलं की ती सैल पडत. हे बाहेरून कुणाला दिसणं शक्य नव्हतं.

दोह्याला मात्र दोनदा बाही ओढूनही सापडलं नाही. कंपनीची व्यवस्थापक मिसेस ड्रू, सरळ बोलणारी बाई, बहारीनला उतरल्यावर त्याला म्हणाली, "इथे तीन प्रयोग आहेत, रॉय. असंच झालं तर मस्कतपासून पॉडमोर दुसरा कुणीतरी करील." "अगदी बरोबर," रॉय म्हणाला. पण मला खुंटीला लावायच्या आधी त्याने डावी बाही दोनदा ओढून पाहिली.

त्यातच प्रवासात पेटीचा खिळा लागून माझं अस्तर फाटलं. हॉटेलच्या बँक्वेटचं काम बघणारा हेमचंद्र म्हणून एक मुंबईचा तरुण होता. त्याच्या हाती मला सोपवताना रॉय बोटाने दाखवून म्हणाला, "माइंड द स्लीव्ह."

साहेबाच्या भाषेत याचा अर्थ, बाही सांभाळ, तिला धक्का लावू नकोस. हेमचंद्रच्या डोक्यात त्या वेळी अडीचशे माणसांचं जेवण होतं. तो मला घेऊन तरातरा गुदैबियात आला, दारातूनच मला मास्तरांकडे दिलं आणि म्हणाला, "मास्तर, टँकर साहेबांचा कोट आहे. अस्तर शिवा आणि बाहीकडे लक्ष द्या. सातला प्रयोग आहे, मी सहाला येतो."

झालं, वडाची साल पिंपळाला लागली. बाहीकडे लक्ष द्या!

मास्तरांनी मला टेबलावर पसरलं, दोन्ही बाह्या जुळवून पाहिल्या आणि कपाळाला हात लावला. "या अल्ला! हा कोणी शिवलाय? एक बाही मोठी नि एक ल्हान!"

"त्या साहेबाचा हातच तसा असंल," ताहेरा म्हणाली.

"हात नाय गो, शिलाईच तशी. ही बघ, आत माया हाय चांगली चार बोटां. माया ठेवली नि सोडायची अक्कल नाय!"

माया म्हणजे शिवणीच्या आत दुमडून ठेवलेलं जादा कापड. लंडनला त्याला काय म्हणतात ते मी विसरलो, इथला शब्दच मला आवडतो.

मास्तरांनी दुपारचं जेवण पुढे ढकललं. एकवीस वर्षांची घडी होती, सहजी मोडेना. वाफ दिली, ओला फडका ठेवून इस्त्री फिरवली, धाग्याचा रंग जुळेना म्हणून ताहेराला तीन दुकानं हिंडवलं. अस्तर तर असं शिवलं की फाटलं होतं कुठे ते मलाही सांगता येईना. संध्याकाळी माझ्या दोन्ही बाह्या सारख्या झाल्या होत्या.

खोटं कशाला बोलू, मला बरं वाटलं. जन्मभर माझ्याकडे पाहून लोक हसले होते. आरशात पाहिलं तर एक सभ्य कोट दिसत होता, कुठल्याही लग्नाला जावा असा. मला त्या वेळी रॉयची आठवणसुद्धा झाली नाही, आणि याची लाज मला अजून आहे.

हेमचंद्र धावतपळत आला, मला उचललं आणि नेऊन थेट रंगमंचावरच्या खुंटीला लावलं. पॉडमोर प्रेक्षकांच्या देखत कोट चढवतो, अशी नाटकाची सुरुवात आहे. रॉयने मला अंगात घातलं. पहिली बाई तक्रार घेऊन आली. त्याने बाही ओढायला हात नेला, आणि बाही आधीच मनगटावर बसलेली.

त्याची बोटं दोनदा चाचपडली. धरायला काही नव्हतं. थांबायला जागाच उरली नव्हती. तो घाईघाईत बोलला ते तिसऱ्या प्रवेशातलं. समोरच्या नटीने कसंबसं सावरून घेतलं, पण एकदा चुकलं की पुढे चुकतच जातं. लोकांनी ताटातल्या पुडिंगकडे लक्ष वळवलं. शेवटी टाळ्या पडल्या त्या भिडेच्या. मिसेस ड्रू त्याला एवढंच म्हणाली, "उद्याचा एक प्रयोग बघते."

दुसऱ्या दिवशी सकाळी रॉय हेमचंद्रला घेऊन स्वतः गुदैबियात आला. मास्तर तर कौतुकाची वाट बघत होते. त्यांनी चहा मागवला, खुर्ची पुसली.

"कशी झाली बाही? खुश ना साहेब?"

हेमचंद्रला कळेना कुठून सुरुवात करावी. "मास्तर, चूक माझी आहे. ती बाही तशीच ठेवायची होती. आखूडच. मी सांगताना घोळ घातला. आता ती परत होती तशी करून द्या."

"होती तशी म्हणजे? वाकडी?"

"हो."

मास्तरांचा चेहरा उतरला. मग चढला. "नाय जमणार. तीस वर्षां झाली मना या धंद्यात. माझ्या उस्तादाने मना मारून शिकवलाय. चुकून बिघडला तर उसवून पुन्हा करीन, पण जाणूनबुजून बिघडवायचा? उद्या लोक विचारतील, हा कोणी शिवला? काय सांगू?"

हेमचंद्रने हे रॉयला सांगितलं. रॉय रागावला नाही. त्याने मला अंगात घातलं, बाही हाताने वर दुमडून धरली आणि मास्तरांच्या टेबलामागे पॉडमोर होऊन बसला. ताहेराकडे पाहून मान झुकवली, म्हणजे काय तक्रार आहे, मॅडम? बाही ओढली. ती आली नाही. बाहीकडे असं पाहिलं की जणू आत्ताच कळलं. पुन्हा ओढली. मग अतिशय दुःखाने, "थर्ड विंडो, मॅडम."

इंग्रजीचं अक्षर न येणारी ताहेरा तोंडाला पदर लावून हसत सुटली. मास्तर नाही हसले. ते बाहीकडेच बघत होते.

मग रॉय हेमचंद्रशी हळू आवाजात बराच वेळ बोलला. हेमचंद्र घुटमळला. "मास्तर, हे कुणाला बोलू नका. साहेबांना हल्ली वाक्यं आठवत नाहीत. बाही ओढतात तेवढ्यात आठवतं. काल बाही पुरी होती, म्हणून सगळं गेलं. आजही गेलं तर त्यांचं काम जाणार. त्यांना दुसरं काम नाही."

बोलली ती ताहेराच. "अवो, तुमी नाय का? गिऱ्हाईकाचा माप विसरलात का टेप गळ्यातली काढता, पुन्हा घालता, पुन्हा काढता. मना काय कळत नाय?"

मास्तरांनी तिच्याकडे एकदा रागाने पाहिलं. मग टेप गळ्यातून काढली, पुन्हा घातली आणि स्वतःच ओशाळून हसले. "आणा तो कोट इकडे. मफी मुश्कील, काय हरकत नाय."

पण एकदा हातात घेतल्यावर मास्तर ते मास्तर. नुसती दुमडून टाकतील तर शपथ. "त्यांना विचारा, किती वेळ लागतो आठवायला?" त्यांनी रॉयला पंधरा वेळा बाही ओढायला लावली मनगटावर खडूने खुणा केल्या आणि सवयीने सगळ्या अंगाची मापं वहीत उतरवून घेतली. मग काठाच्या आत एक लवचीक पट्टी शिवली. बाही ओढली की हळूहळू उतरायची, मनगटाच्या जवळ येऊन थांबायची आणि सोडली की आपली आपण वर जायची. लंडनच्या बाईपेक्षा हे काम वरचढ होतं. जी चूक करायला त्यांचं मन घेत नव्हतं, ती त्यांनी अशी निगुतीने केली की तिला टाका दिसत नव्हता.

त्या संध्याकाळी हेमचंद्रने मास्तर नि ताहेराला हॉलच्या बाजूच्या दारात उभं केलं, वेटर जिथून ये-जा करतात तिथे. रॉयने बाही ओढली. ती उतरू लागली. लोक थांबले. त्याची बोटं माझ्या काठावर होती आणि ती सैल पडली तेव्हा मला कळलं की सापडलं. "थर्ड विंडो, मॅडम." असा हशा मी सतरा वर्षांत ऐकला नव्हता.

मास्तर दारात कावरेबावरे झाले होते. "माझ्या कामाला हसतायत गो," ते ताहेराला म्हणाले.

"हसू दे. पुन्हा ओढतोय बघा."

मस्कतला पॉडमोर रॉयनेच केला.

पुढच्या वर्षी कंपनी पुन्हा बहारीनला आली. विमानतळावरून सामान हॉटेलात गेलं, रॉय मला घेऊन गुदैबियात आला. त्याने काही न बोलता बाहीवर अर्धं बोट वर दाखवलं. मास्तरांनी अर्धं बोट वर घेतली. आखूड करायची म्हणजे ओढायला अंतर जास्त आणि वेळ जास्त. दोघांना एकमेकांची भाषा येत नव्हती, पण हे दोघांना बरोबर कळत होतं. मास्तरांनी त्या वर्षीचे तिन्ही प्रयोग पाहिले.

१९९४ ला रॉय आला तेव्हा त्याने दोन बोटं दाखवली. मास्तरांनी त्याच्या तोंडाकडे पाहिलं. "साहेब, मग ती कोपराला जाईल." रॉयने होकाराची मान डोलावली. मास्तरांनी शिवून दिली. मी सांगतो, त्या दिवशी त्यांनी मशीन बंद केल्यावर ताहेराशी भांडणसुद्धा केलं नाही.

शेवटच्या प्रयोगाला हॉल भरला होता. बाई आली, तिने तक्रार सांगितली, रॉयने बाही ओढली. ती उतरत उतरत आली आणि थांबली. त्याने सोडली, ती वर गेली. लोक हसले. त्याने पुन्हा ओढली. पुन्हा हसले. तिसऱ्यांदा हशा आणखी वाढला. लोकांना वाटत होतं काय कमाल करतोय म्हातारा. पण बोटं सैल पडत नव्हती. चौथ्यांदा ओढली तेव्हा माझा काठ घामाने भिजला होता. ते वाक्य त्याने हजारदा म्हटलं होतं आणि आता ते त्याच्यापाशी नव्हतं. हसणारे गप्प होऊ लागले.

तेवढ्यात बाजूच्या दारातून, दाभोळच्या इंग्रजीत, खणखणीत आवाज आला, "थर्ड विंडो, मॅडम!"

अख्खा हॉल वळला. हातात वेटरचा ट्रे नाही, अंगात गणवेश नाही, गळ्यात टेप लावलेला एक माणूस दारात उभा आणि स्वतःच्याच आवाजाने घाबरलेला. मास्तरांना इंग्रजी येत नव्हतं. पण सहा-सात प्रयोग बाहीवर नजर लावून पाहिले होते. बाहीनंतर काय येतं ते त्यांना तोंडपाठ होतं.

रॉय सावकाश त्या बाजूला वळला, कमरेत वाकला, आणि बाईला म्हणाला, "या सद्गृहस्थांचं ऐकलंत ना? हे आमचे तिसऱ्या खिडकीचे साहेब." हे कुठल्याच वहीत नव्हतं. ते त्याला तिथल्या तिथे सुचलं. हॉल अक्षरशः फुटला. लोकांना वाटलं, हे ठरवूनच बसवलंय.

लेखक शेवटपर्यंत शाबूत होता. पाठांतर तेवढं गेलं.

दुसऱ्या दिवशी सकाळी तो एकटाच दुकानात आला. मला टेबलावर ठेवलं. मास्तरांनी सवयीने टेप काढली, किती बोटं? रॉयने मान हलवून नाही म्हटलं. मग मला त्यांच्याकडे सरकवलं आणि त्यांचे दोन्ही हात हातात घेतले. ताहेराने त्याला सुक्या बोंबलांची पुडी दिली. विमानात ती कशी नेली असेल कोण जाणे. मिसेस ड्रूला त्याने सकाळीच सांगितलं होतं की आता दुसरा कुणीतरी बघ. तिने सांगण्याआधी त्याने सांगितलं, याचं मला समाधान आहे.

तेव्हापासून मी इथे आहे. मास्तरांनी बाही पुन्हा पहिल्यासारखी चार बोटं आखूड केली आणि मला काचेच्या आत, रस्त्यावरून दिसेल असं टांगलं. गिऱ्हाइकं विचारतात, "मास्तर, हा वाकडा कोट कोणी शिवला?"

"मीच शिवलाय," मास्तर म्हणतात. दोन-तीन गिऱ्हाइकं त्यापायी परतसुद्धा गेली.

गेल्या महिन्यात, म्हणजे १९९७ च्या डिसेंबरात, हेमचंद्र एक पत्र घेऊन आला. रॉयच्या मुलीचं, हॉटेलच्या पत्त्यावर आलेलं. त्याने उभ्या उभ्या वाचून मराठीत सांगितलं. "बाबा आता कुणाला ओळखत नाहीत. मलाही नाही. दिवसभर खिडकीशी बसतात आणि कुठलाही कपडा घातला तरी डावी बाही ओढत राहतात. ओढतात आणि थांबतात. काय आठवायचा प्रयत्न करतात ते आम्हाला कळत नाही. ते तुमच्या शिंप्याबद्दल फार बोलायचे, म्हणून कळवते."

मास्तर ऐकत होते. हेमचंद्र गेल्यावर त्यांनी मापांची वही काढली आणि ९२ सालचं पान शोधलं. मग कपाटातून चांगली मऊ लोकर काढली, गडद निळी, कुणाच्या तरी निकाहासाठी ठेवलेली.

"काय शिवताव?" ताहेराने विचारलं.

"घरात घालायचा कोट. साहेबाला."

"बाही?"

"पुरी." मास्तर खडू फिरवत म्हणाले. "डावी दोन बोटां जास्तीच घेतो. मनगट झाकून खाली उतरली पायजे. ओढायला काय राहायलाच नको. खूप आठवला त्याने. आता बस झाला."

ताहेराने काज करायला घेतलं आणि मध्येच डोळे पुसले. मशीन दोन दिवस चाललं.

तो कोट तयार होऊन एक दिवस माझ्या शेजारी टांगलेला होता. सरळ, नीट, कुणालाही हसू न आणणारा. मला वाटलं होतं मला त्याचा हेवा वाटेल. नाही वाटला. मी त्याला रॉयबद्दल जेवढं सांगता येईल तेवढं सांगितलं : डावा खांदा किंचित उतरता आहे, खिशात तो चष्मा ठेवतो आणि विसरतो, थंडी वाजली तरी बोलत नाही. हेमचंद्रने त्याला खोक्यात घातलं, पत्ता लिहिला आणि पोस्टात नेलं.

तुमचा वेळ घेतला. दुकानात आलात तर माझ्याकडे बघून खुशाल हसा, मला त्याची सवय आहे. फक्त मास्तरांना माझी बाही सरळ करायला सांगू नका. लंडनहून अजून उलट पत्र आलेलं नाही. मास्तर रोज हेमचंद्रला विचारतात, कोट पोचला का, आणि अंगाला बसला का.